अळीबाईचा जवाब

मागच्या सोमवारी बारावीचा तास संपवून स्टाफरूममध्ये डबा उघडला आणि फोनवर अवधूतचा निरोप दिसला. गेल्या पोळ्यानंतर पहिल्यांदाच. "कुंदा, कवटीच्या सवालाचा जवाब काय होता गं? नवीन रेकॉर्डिंग करतोय. काही केल्या आठवत नाहीये." खाली जोडलेले दोन हात. मी डब्यातली भेंडी सावकाश संपवली, डबा विसळला, आणि कितीतरी दिवसांनी मनापासून हसले. पोळा आठ दिवसांवर आला होता.

दरवर्षी या दिवसांत माझी जीभ शिवशिवायला लागते. श्रावण उतरणीला लागलेला असतो, पाऊस उघडझाप करत असतो. कपाशी कमरेला लागते आणि पातीवर, म्हणजे कळ्यांवर, येते. तिचं फूल आज पिवळं असतं आणि उद्या तेच गुलाबी होतं. लहानपणी मला वाटायचं, रात्रीतून कोणीतरी त्याला चिडवून जातं. मूग घरात येऊन पडलेला असतो, अंगणात ओल्या चाऱ्याचा वास असतो, आणि एरवी सहीपलीकडे दोन ओळी लिहायच्या म्हटल्या की घाम फुटणारे आमच्या गावचे बाप्ये बांधावर बसून झडत्या जुळवत असतात.

झडती म्हणजे पोळ्याच्या मैदानात, सजवलेल्या बैलजोड्या तोरणाखाली रांगेनं उभ्या असताना, एकानं दुसऱ्यावर जुळवून फेकलेला दोन-चार ओळींचा टोमणा. सरपंचावर, सोसायटीच्या सचिवावर, नव्या जावयावर, कोणावरही. झडती म्हटली की सारं मैदान 'हर बोला' करून ओरडतं. ज्याच्यावर झडती पडली त्यानं राग धरायचा नाही, जवाब द्यायचा. आमच्या गावात याला एक पक्का नियम आहे. डफडं तीनदा वाजेपर्यंत जवाब आला नाही, तर त्या माणसाची जोडी तोरणाखालून सगळ्यांत शेवटी सुटते, आणि पुढच्या पोळ्यापर्यंत गाव त्याला ते विसरू देत नाही.

बायका हे सगळं शाळेच्या ओट्यावर बसून ऐकतात. म्हणण्याचा मान बाप्यांचा. माझा पहिला राग तिथलाच आहे. आठवीत असल्यापासून मी दादाला झडत्या जुळवून द्यायचे. तो मैदानात म्हणायचा, लोक त्याची पाठ थोपटायचे, आणि मी ओट्यावरून त्याच्या बैलांकडे बघत बसायचे. दादानं घरी येऊन एकदाही "कुंदीनं लेहून देल्ली" असं म्हटलं नाही असं नाही. पण ते घरात म्हटलं, मैदानात नाही. मी ते तेव्हा गिळलं. गिळायची सवय लागली की पुढचा घासही लोक आपल्याच ताटात वाढतात, हे कळायला मला बरीच वर्षं लागली.

अवधूत आमच्याच गावचा, दोन घरं सोडून. आम्ही दोघं नेरला बस बदलून यवतमाळच्या कॉलेजात जायचो. त्याच्याकडे गिटार होती आणि नागपूरला शिकणारा मावसभाऊ होता. एका पावसाळ्यात त्या मावसभावानं त्याला गाणी भरलेल्या कॅसेटी दिल्या. पहिलीची एक बाजू संपेपर्यंत आम्ही गाणं बदलायची वाट बघत होतो. ते बदललंच नाही. एका बाजूला एकच गाणं होतं. मध्येच बासरी, मध्येच चर्चमधला वाटावा तसा ऑर्गन, मग सगळं थांबून एक माणूस काहीतरी पुटपुटतो, आणि पुन्हा धुमाकूळ. त्याला प्रोग्रेसिव्ह रॉक म्हणतात असं मावसभावानं कॅसेटीवर लिहून दिलं होतं.

आमचा तिसरा गडी गुलाबभाऊ. नेरच्या एका बँडपार्टीत ताशा वाजवायचा, आमच्याहून दहा वर्षांनी मोठा. गावात त्याची सासुरवाडी, म्हणून पोळ्याला डफडंही तोच वाजवायचा. त्याच्या बँडच्या गाळ्यात, भिंतीला टांगलेल्या लाल कोटांच्या खाली बसून आम्ही ती कॅसेट ऐकली. गुलाबभाऊनं गुडघ्यावर बोटं आपटत मात्रा मोजल्या, पुन्हा मोजल्या आणि म्हणाला, "सात हाय बाप्पा. पुढं पाच. नवरदेव या तालावर घोड्यावरून पडन." पण त्याचे डोळे चमकत होते. महिन्याभरात तो सात मात्रा झोपेतही वाजवायला लागला.

मला मात्र त्या गाण्यांच्या शब्दांनी धरलं. मावसभावानं कव्हरवरच्या बारीक अक्षरांच्या झेरॉक्स पाठवल्या होत्या. मी कॉलेजच्या लायब्ररीत जाडी डिक्शनरी घेऊन बसायचे. पहिले काही दिवस मला वाटलं की फारच खोल काहीतरी आहे: विश्व, काळ, युद्ध, आत्मा. आणि एका दुपारी एकदम उमगलं की हे लांब केसांचे, गंभीर चेहऱ्याचे लोक चक्क थट्टा करत आहेत. जगबुडीचं वर्णन चाललंय आणि मध्येच कोणीतरी विचारतो की दुकान उघडं आहे का. एकच शब्द एका ओळीत राजाला लागू आणि पुढच्या ओळीत त्याच्या कुत्र्याला. सगळ्यांत भारी म्हणजे, साताच्या तालात शब्द भलत्याच जागी तुटतात, आणि तुटला की त्यातून वेगळाच शब्द बाहेर येतो. मी लायब्ररीत एकटीच हसले. शिपाई येऊन बघून गेला.

मला वाटलं, अरे, ही तर आपली झडती आहे. फक्त वीस मिनिटांची.

त्या पावसाळ्यात मी 'अळीचं लगन' लिहिलं. नेर-यवतमाळ बसमध्ये, खिडकीशी, प्रॅक्टिकलच्या वहीच्या मागच्या पानांवर. बोंडअळीचं लग्न ठरलंय, बोंड हे तिचं घर, आणि गावभरचे पाहुणे तिला सवाल विचारायला येतात अशी कल्पना. एकोणीस मिनिटांचं गाणं, पाच भाग. एका भागात 'कापूस गळे, कापूस गळे' एवढंच होतं. गुलाबभाऊनं साताच्या ठेक्यात ते असं फिरवलं की चौथ्या फेरीला ते आपोआप 'कापू सगळे, कापू सगळे' ऐकू यायला लागायचं, आणि लग्नाच्या मांडवात पळापळ व्हायची. पण गाण्याचा कणा होता तो सवाल-जवाबाचा भाग. त्याला मी चाल थेट मैदानातली लावली होती, आमच्या झडतीची. पाहुणा विचारायचा:

बोंडाच्या घराले तीन खोल्या,
अळीबाई, तुह्या भिंती काहून ओल्या?

आणि अळीबाई मुरका मारून सांगायची:

फवारनीवाले आले माह्या लग्नाले,
अत्तर शिंपून गेले अख्ख्या अंगनाले!

महागडं औषध फवारून फवारून दादाच्या पाठीला पंपाचे पट्टे उठले होते आणि अळी जशीच्या तशी होती. त्यानं ही ओळ पहिल्यांदा ऐकली तेव्हा तो खाटेवरून उठून बसला आणि डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसला. माझ्या लिहिण्याला आजवर मिळालेली सगळ्यांत मोठी पावती ती आहे.

गाणारा अवधूत एकटाच होता. पाहुणाही तोच आणि आवाज बारीक करून अळीबाईही तोच. मी बाजूला छोट्या कॅसिओ कीबोर्डवर. अवधूतचा आवाज चांगला होता, हे मी रागातही कबूल करते. पण पाठांतर शून्य. विशेषतः एका जागी तो हमखास अडकायचा. पुढचा सवाल होता:

अत्तराच्या बाटलीवर कवटीचं चित्र,
अळीबाई, हा कोन तुहा मित्र?

याचा जवाब त्याला एकदाही आपणहून आठवला नाही. तो माझ्याकडे बघायचा. मी कॅसिओवरचा डावा हात उचलायचे आणि पहिलं बोट माझ्या पुढच्या दातांना लावायचे. तेवढ्यावर त्याला ओळ आठवायची, तो म्हणायचा आणि कॉलेजचा हॉल फुटायचा. त्या एका जागेसाठी लोक एकोणीस मिनिटं बसायचे. लोक टाळ्या त्याला द्यायचे आणि तो माझ्याकडे बघून डोळा मारायचा. तेव्हा मला तेवढं पुरायचं. वय तसं होतं.

मग तो पुण्याला गेला, मी रसायनशास्त्र घेऊन मास्तरीण झाले, गुलाबभाऊची बँडपार्टी डीजेनं खाल्ली. वीसेक वर्षं गेली. गेल्या वर्षी जानेवारीत, बाभुळगावच्या आमच्या कॉलेजात, स्नेहसंमेलनाच्या निवडीला एका मुलीनं मोबाइलवर गाणं लावलं. 'ओल्या भिंती'. शब्द, संगीत आणि स्वर: अवधूत. हळू गिटार, मागं पावसाचा आवाज, चार मात्रांचा सरळसोट ठेका. आणि तो गात होता:

बोंडाच्या घराला तीन खोल्या,
सांग माये, तुझ्या भिंती का ओल्या...

पुढं काही नाही. जवाबाच्या जागी एक लांबलचक शांतता, तिच्यात गिटारचे दोन सूर. भिंती आसवांनी ओल्या आहेत हे ऐकणाऱ्यानं समजून घ्यायचं. अळीबाई गेली, तिच्या जागी माय आली. अत्तर गेलं, कवटी गेली, मांडव गेला. एकोणिसाची साडेपाच मिनिटं झाली. मुलीचे डोळे भरून आले होते. "मॅडम, आपल्या यवतमाळचं गाणं हाय," ती म्हणाली. मी म्हटलं, "ही ओळ माझी आहे." ती फार सभ्य मुलगी आहे. तिनं क्षणभर माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाली, "हो का मॅडम?" वेड्या माणसाला दुखवू नये अशा आवाजात.

त्या 'हो का' नंतर मी तीन दिवस नीट जेवले नाही. नाव नेलं याचा राग होताच, पण खरं सांगायचं तर तो दुसऱ्या नंबरचा राग होता. पहिला राग, त्यानं हसू काढून टाकलं याचा. आमच्या जिल्ह्याचं नाव घेतलं की बाहेरच्यांना एकच रडका चेहरा हवा असतो, आणि अवधूतनं तो बनवून दिला होता, माझ्याच लाकडातून. विनोद काढला की गाणं हलकं होतं आणि उचलून न्यायला सोपं जातं. मी त्याला फोन केला. तो फार गोड बोलला. म्हणाला, "अगं, शेतकऱ्याच्या दुःखावर हसणं बरं दिसत नाही. लोक किती सेन्सिटिव्ह आहेत." मी म्हटलं, हसायचं की रडायचं हे ज्याच्या पाठीवर पंप आहे त्यानं ठरवावं, आणि माझा दादा खाटेवरून उठून हसला होता. तो म्हणाला, "आणि तसं म्हटलं तर ते आपल्या सगळ्यांचंच होतं ना?" सगळ्यांचं होतं, म्हणून नाव एकट्याचं. मी फोन ठेवला.

सूड या शब्दाला मी भीत नाही. समजूतदार मंडळी म्हणाली, सोडून दे, एवढं काय. मला सोडायचं नव्हतं. मी वकिलाला विचारलं, त्यानं पुरावा मागितला. प्रॅक्टिकलच्या वह्या केव्हाच रद्दीत गेल्या होत्या. मग मी नुसती मनात त्याला वेगवेगळ्या प्रकारे ओशाळवत राहिले; भाजी चिरताना, पेपर तपासताना, बसमध्ये. त्यातलं एकही दृश्य मला पुरेसं वाटत नव्हतं. आणि श्रावणात दादाचा फोन आला. "कुंदे, अवध्याचा सत्कार ठेवला पोळ्याले. गाणं म्हननार हाय म्हनते मैदानात. तू येतं का?" मी विचारलं, कोणतं गाणं? दादा म्हणाला, "थेच. तुहं."

पोळ्याच्या आदल्या संध्याकाळी मी गावी होते. दादा बैलांच्या खांद्याला लोणी आणि हळद चोळत होता. वर्षभर जू वाहिलेला खांदा असा मऊ करायचा आणि मग बैलाच्या कानाशी जाऊन हळूच म्हणायचं, "आज आवतन घ्या, उद्या जेवाले या." मी दुसऱ्या बैलाचा खांदा घेतला. हात लोण्यानं माखलेले, बैल डोळे मिटून उभा, आणि मी अत्तराच्या आणि कवटीच्या ओळी तोंडातल्या तोंडात घोळवत होते. कवटीच्या सवालात अळीबाईच्या जागी काय घालायचं ते ठरत नव्हतं. शेवटी 'गड्या' बसलं.

दुसऱ्या दिवशी मैदानात झुली, बाशिंगं, शिंगांवर बेगड, आंब्याच्या पानांचं तोरण. अवधूतच्या बापाची जोडी मानाच्या जोडीच्या मागंच, दुसऱ्या नंबरला. ट्रॅक्टरच्या ट्रॉलीचं स्टेज केलं होतं. अवधूत खादीचा कुर्ता घालून आला, शाल-नारळ घेतलं, दोन शब्द पुण्याच्या मराठीत बोलला आणि गिटार घेतली. मी बायकांबरोबर शाळेच्या ओट्यावर. गुलाबभाऊ डफडं घेऊन तोरणाच्या खांबाशी, केस पांढरे, हात तेच.

अवधूतनं डोळे मिटून सुरुवात केली. बोंडाच्या घराला तीन खोल्या. सांग माये, तुझ्या भिंती का ओल्या. आणि थांबला.

ती त्याची चूक. ताल बदलला, भाषा बदलली, पण त्या दोन ओळींची चाल त्यानं तशीच ठेवली होती, कारण पुण्यात ती अस्सल वाटते. पुण्यात त्या थांबलेल्या जागी लोक डोळे पुसतात. आमच्या गावात त्या चालीत कोणी सवाल विचारून थांबला, तर त्या जागी जवाब येतो. सारं मैदान माना वळवून बघायला लागलं की झडती कोणावर पडली, जवाब कोण देतं. वीस वर्षांत तो एवढं विसरला होता.

मी ओट्यावर उभी राहिले आणि म्हटलं:

फवारनीवाले आले माह्या लग्नाले,
अत्तर शिंपून गेले अख्ख्या अंगनाले!

 पाठीला पंपाचे वळ असलेले सगळे बाप्ये एकदम हसले. 'हर बोला' एवढ्या जोरात उठलं की बैल बिचकले. एक म्हातारा म्हणाला, "बाईनं झडती नाई म्हनत." गुलाबभाऊनं त्याच्याकडे न बघताच सांगितलं, "म्हटली तं म्हटली. आता हिचा सवाल राह्यला." मी सवाल फेकला:

अत्तराच्या बाटलीवर कवटीचं चित्र,
सांग गड्या, हा कोन तुहा मित्र?

पहिलं डफडं वाजलं. अवधूत माइकसमोर हसत उभा होता. दुसरं वाजलं तेव्हा हसू तसंच होतं, फक्त डोळे हलले होते. ज्यानं जुळवलं असतं त्याला जवाब आला असता. नसता आठवला, तर नवा सुचला असता. गावाला हे कोणी समजावून सांगायला नको होतं, ते बघत होते. तिसऱ्याच्या आधी गुलाबभाऊनं अंमळ वेळ घेतला, जुन्या दोस्तीपोटी असेल. आणि अवधूतनं माइक बाजूला धरला, ओट्याकडे बघितलं, आणि वीस वर्षांत पहिल्यांदा आमच्या बोलीत, अगदी हळू म्हणाला, "कुंदे, काय होतं व?"

माझा डावा हात उठला होता. खरंच उठला होता, आपोआप, दातांच्या दिशेनं. मी तो उजव्या हातानं मनगटाशी धरला आणि मांडीवर दाबून ठेवला. तिसरं डफडं वाजलं.

त्याच्या बापाची जोडी सगळ्यांत शेवटी सुटली. बैल चांगले होते, शुभ्र, धुऊन-पुसून चकचकीत केलेले. ते उन्हात तासभर उभे राहिले याचं मला वाईट वाटलं. त्याचं वाटलं नाही. संध्याकाळी दादा गावभर सांगत फिरला की ती ओळ कुंदीची, आणि ती आठवीत असल्यापासून आपल्या सगळ्या झडत्याही तिच्याच. हे त्यानं घरात नाही, चावडीवर सांगितलं.

एवढ्यानं माझं समाधान झालं असं कोणाला वाटेल. झालं नाही. गावाला कळलं, पण गाणं अजून त्याच्याच नावानं वाजतं, आणि माझी ती विद्यार्थिनी अजूनही मला सांभाळून बोलते. आता अवधूतला कवटीचा जवाब हवा आहे. हसू परत आणायचं असावं. मैदानातला आवाज त्यानंही ऐकला होता. तो जवाब मी इथं लिहीत नाही, कारण अवधूतही छापलेलं वाचतो. लिहून दिलेल्या ओळींचं काय होतं ते मी पाहिलं आहे.

उद्या पोळा. आत्ता दादाच्या एका बैलाचा खांदा चोळून झाला आणि दुसरा बैल माझ्याकडे मान वळवून उभा आहे. आठ दिवस मी अवधूतला काही उत्तर दिलं नव्हतं. आता हळदीचे हात पदराला पुसले, फोन काढला, आणि बैलांना सांगतात तेच लिहिलं: आज आवतन घ्या, उद्या जेवाले या. जवाब मैदानात मिळेल, सगळ्यांसमोर, माइकवर. आणि खाली, त्याला ओळख पटावी म्हणून नाही, आपल्या ओळींखाली नाव लिहायची मला सवय लागावी म्हणून, माझं पूर्ण नाव घातलं.